शमीचें झाड आणि नशिबाची पेटी

प्रेतें उठून अंगावर धांवून येत आहेत, हातांत एक लहानसें पिस्तूल आहे, जवळ मोजक्या गोळ्या आहेत. अशा वेळीं चांगलें शस्त्र थोड्या वेळांत आणि थोड्या खर्चांत कसें मिळवावें, हा माझ्या आजच्या भाषणाचा विषय आहे. अडतीस वर्षें मुलांना अंकगणित शिकविणाऱ्या एका निवृत्त मास्तरानें असल्या विषयावर बोलावें याचें कित्येकांना नवल वाटेल, कांहींना हंसूंहि येईल. परंतु हा विषय आपल्याच घरांतला आहे. संध्याकाळीं बाहेरच्या खोलींत वडील माणसें बसलेलीं असतात. आंतल्या खोलीचें दार लोटलेलें असतें. आणि त्या दारामागून बंदुकांचे बार, किंकाळ्या आणि मध्येंच तरुणांचें हंसणें ऐकूं येतें. ‘हें खूळ कधीं जाणार’ असें म्हणून वडील गप्प बसतात, आणि ‘यांना यांतलें काय कळतें’ असें म्हणून मुलें दार अधिकच घट्ट लावून घेतात. एकाच घराचीं अशीं दोन गांवें झालेलीं आहेत. त्यांच्यामध्यें एखादी पायवाट पडावी एवढाच माझा हेतु आहे. शिवाय या खेळांत गणित आहे, आणि जेथें गणित आहे तेथें जुन्या मास्तरालाहि दोन शब्द बोलण्याचा अधिकार पोंचतो.

माझा एक पुतण्या इंजिनियरिंगच्या शिक्षणासाठीं आमच्याकडे राहतो. सुटीच्या दिवशीं त्याचे तीन मित्र आपापले संगणक घेऊन येतात आणि चौघे मिळून हा खेळ खेळतात. मीं एक खुर्ची आंत नेली आणि कित्येक रविवार त्यांच्या मागें बसून शांतपणें पाहिलें. मला जें सांगावयाचें आहे तें तेथें बसून आणि वहींत आंकडे मांडून पक्कें झालें आहे.

प्रथम खेळाची ओळख करून देतों. ‘कॉल ऑफ ड्यूटी’ नांवाची युद्धखेळांची एक प्रसिद्ध मालिका आहे. तींतील ‘वर्ल्ड अ‍ॅट वॉर’ हा खेळ ट्रेआर्क या अमेरिकन मंडळीनें तयार केला आणि तो २००८ सालच्या नोव्हेंबरांत बाहेर पडला. मुख्य खेळ दुसऱ्या महायुद्धाचा. परंतु तो पुरा केला म्हणजे शेवटीं एक लहानसा निराळाच खेळ उघडत असे. त्याचें नांव ‘नाख्ट देअर उन्टोटन’. हे शब्द जर्मन असून त्यांचा अर्थ ‘न मेलेल्यांची रात्र’ असा होतो. अमेरिकेंत हा खेळ सतरा वर्षें व त्यापुढील वयासाठीं असल्याचा शिक्का त्यावर आहे. तेव्हां तो लहान मुलांच्या हातीं देऊं नये, हें आधींच सांगून ठेवतों.

चालत्या प्रेताला इंग्रजींत झॉम्बी म्हणतात. हा शब्द हैती बेटाकडून अमेरिकेंत आला. आणि अशा प्रेतांच्या झुंडीनें एका घराला वेढा घालावा ही कल्पना जॉर्ज रोमेरो यांच्या १९६८ सालच्या ‘नाइट ऑफ द लिव्हिंग डेड’ या चित्रपटानें लोकप्रिय केली. आपला वेताळहि प्रेतांत शिरतो. पण तो राजाला कोडीं घालतो, त्याच्याशीं दोन शब्द बोलतां येतात. झॉम्बी कांहीं विचारीत नाहीं आणि कांहीं ऐकत नाहीं. तें फक्त येत राहतें.

या खेळांतील घर ओसाड आहे. खिडक्यांना फळ्या ठोकलेल्या आहेत. प्रेतें त्या फळ्या उपटून आंत शिरतात. एक फेरी संपली कीं दुसरी सुरू होते, आणि प्रत्येक फेरींत तीं संख्येनें व बळानें वाढतात. पहिल्या फेरींत एका प्रेताचें बळ १५० असतें. नवव्या फेरीपर्यंत तें दर फेरीला १०० नें वाढून ९५० होतें. आणि तेथून पुढें दर फेरीला शेंकडा १० प्रमाणें चक्रवाढीनें वाढतें. चक्रवाढ व्याज काय करतें हें कर्जदाराला सांगावयास नको. विसाव्या फेरींत तें बळ सुमारें २,७०० होतें आणि तिसाव्या फेरींत ७,००० च्या वर जातें. या घरांत शेवटीं विजय असा नाहीं. किती फेऱ्या टिकलों एवढाच हिशेब आहे. म्हणून शस्त्र मिळविण्यांत जो एकेक क्षण आणि एकेक गुण वांचतो, त्याला येथें मोल आहे.

‘गुण’ हा शब्द मीं मुद्दाम वापरला. या घरांत नाणें चालतें तें गुणांचें. आरंभीं प्रत्येकाजवळ ५०० गुण असतात. गोळी लागली कीं १० गुण. गोळीनें धडावर मारून प्रेत पाडलें तर ६०, डोक्यांत मारलें तर १००, आणि जवळ जाऊन सुऱ्यानें मारलें तर १३०. खिडकीची एक फळी पुन्हां ठोकली कीं १०. आतां यांतील खुबी पाहा. पहिल्या फेरींत प्रेताचें बळ १५० असतें आणि सुऱ्याच्या एका घावाचें बळहि तितकेंच असतें. म्हणजे एका घावांत काम होतें. शहाणा खेळाडू प्रथम पायांवर पांचसहा गोळ्या मारून पन्नास-साठ गुण जमा करतो आणि मग सुरा चालवून वर १३० घेतो. नवखा खेळाडू भीतीनें दुरूनच गोळ्या झाडून मोकळा होतो. त्याच्या गोळ्याहि जातात आणि गुणहि कमी पडतात. तेव्हां पहिला नियम असा कीं, शस्त्राचा शोध खोल्याखोल्यांतून हिंडून सुरू होत नाहीं. तो मिळकतीपासून सुरू होतो. ज्याच्या गांठीला कांहीं नाहीं, त्याला शस्त्र समोर दिसलें तरी घेतां येत नाहीं.

दुसरा नियम भिंतीचा. या घराच्या भिंतींवर जागोजागीं खडूनें बंदुकांच्या आकृति काढलेल्या आहेत. खडूची रेघ पाहून मला अर्थातच आनंद झाला. आकृतीपाशीं जाऊन ठरलेले गुण मोजले कीं ती बंदूक हातांत येते. पहिल्याच खोलींत २०० गुणांची एक जर्मन बंदूक आहे आणि ६०० गुणांची एक हलकी अमेरिकन कार्बाईन आहे. जवळ ५०० गुण असल्यामुळें नव्या माणसाचा हात स्वस्त बंदुकीकडे जातो. परंतु तिचा खटका दर गोळीला मागें ओढावा लागतो, आणि दोन खिडक्यांतून एकदम गर्दी झाली म्हणजे तेवढी उसंत मिळत नाहीं. पहिली फेरी सुऱ्यावर काढून थोडी कळ सोसली तर कार्बाईन सहज परवडते.

भिंतीवरच्या बंदुकीचा खरा मोठेपणा मात्र तिच्या किंमतींत नाहीं. गोळ्या संपल्या तर त्याच आकृतीपाशीं परत जावें. बंदुकीच्या निम्म्या किंमतींत पुन्हां भरणा होतो. कार्बाईनच्या गोळ्या ३०० गुणांना मिळतात. याचा अर्थ असा कीं, भिंतीवरची बंदूक घेणारा केवळ शस्त्र घेत नाहीं, तर त्याबरोबर एक दुकान घेतो, आणि त्या दुकानाची जागा त्याला ठाऊक असते. हें पाहत असतांना मला विराटपर्वाची आठवण झाली. अज्ञातवासाला जाण्यापूर्वीं पांडवांनीं आपलीं शस्त्रें शमीच्या झाडावर ठेविलीं. पुढें कौरवांनीं गाई वळविल्या तेव्हां अर्जुनाला गांडीव शोधीत रानोमाळ हिंडावें लागलें नाहीं. त्यानें उत्तराला झाडावर चढविलें आणि धनुष्य हातीं घेतलें. शस्त्र लवकर सांपडलें, याचें कारण त्याची जागा आधींच ठरलेली होती. दसऱ्याला आपण शमीची पूजा करतों, तिच्यांत एवढा व्यवहार आहे.

तिसरा नियम दाराचा. पहिल्या खोलीला लागून दुसरी खोली आहे. तिच्या दारावर इंग्रजींत ‘हेल्प’, म्हणजे ‘साहाय्य’, असें लिहिलेलें आहे. तें दार उघडावयाला १,००० गुण पडतात. आंत १,२०० गुणांची थॉम्प्सन नांवाची भराभर गोळ्या झाडणारी बंदूक भिंतीवर आहे. परंतु दार उघडलें म्हणजे आणखी खिडक्या आपल्या राखणीखालीं येतात. म्हणून जोंपर्यंत पहिल्या खोलींत निभावतें आहे तोंपर्यंत दाराची घाई करूं नये. आणि उघडावयाचें तेव्हां पलीकडची बंदूक घेण्याइतके गुण जवळ राहतील असें पाहूनच उघडावें. चौघांचे गुण या खेळांत वेगवेगळे असतात. दार मात्र एकानें उघडलें कीं तें सर्वांना उघडें होतें. म्हणून दार कोणीं उघडावयाचें हें आधीं बोलून ठरवावें. नाहींतर तिघे एकमेकांच्या तोंडाकडे पाहत राहतात, किंवा सर्वांत उतावळा जो, तो कफल्लक होतो.

आतां मुख्य गोष्टीकडे येतों. त्याच दुसऱ्या खोलींत एक लांकडी पेटी आहे. ९५० गुण टाकले कीं तिचें झांकण उघडतें, आंतून बंदुकांच्या आकृति भराभर बदलत वर येतात, आणि शेवटीं जी ठरेल ती तुमची. तिच्यांत साधी बंदूक असते तशीच ‘रे गन’ नांवाची, किरणांनीं प्रेतांचा फडशा पाडणारी अद्भुत बंदूकहि असते. सर्वांचें मन त्या रे गनवर. एका रविवारीं आमच्या पुतण्याच्या एका मित्रानें जवळचे सारे गुण चार खेपांत त्या पेटींत घातले. प्रत्येक खेपेला तो म्हणे, ‘आतां नक्की येणार.’ चौथ्या खेपेलाहि त्याच्या हातीं साधीच बंदूक आली, गोळ्यांना गुण उरले नाहींत, आणि त्याच फेरींत तो पडला. मीं पुतण्याला विचारलें, ‘अरे, ‘नक्की’ हा शब्द यानें कोठून आणला?’ तो हंसून म्हणाला, ‘काका, सगळे असेंच म्हणतात. तीन वेळां नाहीं आली, म्हणजे चौथ्या वेळीं यायलाच पाहिजे असें वाटतें.’

श्रोतेहो, हें वाटणें फार जुनें आहे. द्यूतसभेंत धर्मराजालाहि असेंच वाटलें असेल. परंतु मागची सोडत पुढच्या सोडतीला कांहीं सांगून ठेवीत नाहीं. आपण एक उदाहरण करूं. समजा, पेटींत वीस शस्त्रें आहेत आणि त्यांपैकीं तुम्हांला मनापासून हवीं अशीं दोनच आहेत. म्हणजे एका खेपेला यश येण्याची शक्यता दहांत एक. दहा खेपांना ९,५०० गुण लागतील. सामान्य माणूस म्हणेल, दहा खेपा केल्या कीं काम झालें. तसें नाहीं. अशा दहादहा खेपा शंभर जणांनीं केल्या तर त्यांपैकीं सुमारें पस्तीस जण दहाव्या खेपेनंतरहि रिकाम्या हातानेंच परततील. आतां तेच ९,५०० गुण भिंतीवर खर्चून पाहूं. थॉम्प्सनचे १,२००, तिच्या गोळ्यांचा भरणा ६०० प्रमाणें तेरा वेळां म्हणजे ७,८००, एकूण ९,०००, आणि शिल्लक ५००. यांत ‘कदाचित्’ हा शब्द एकदांहि आला नाहीं.

पेटीचें आणखी एक अंग आहे. तिच्यांतील पुष्कळ बंदुका भिंतीवर कोठेंच नाहींत. त्यामुळें त्यांच्या गोळ्या विकत मिळत नाहींत. मारलेल्या प्रेताजवळ कधींकधीं गोळ्यांचा पूर्ण भरणा करणारें बक्षीस पडतें, पण तेंहि दैवावर. म्हणजे जें दैवानें आलें तें टिकतेंहि दैवानेंच.

मग पेटीकडे जाऊंच नये काय? तसें मी म्हणत नाहीं. चक्रवाढीचा हिशेब मघाशींच सांगितला. पुढच्या फेऱ्यांत प्रेतांचें बळ इतकें वाढतें कीं भिंतीवरची साधी बंदूक अपुरी पडूं लागते. तेव्हां अधिक जबर शस्त्राची गरज खरीच असते, आणि तें या घरांत पेटीवांचून मिळणें कठीण. प्रश्न जाण्याचा नसून केव्हां जावें याचा आहे. खेळाडूला एका वेळीं दोन बंदुका बाळगतां येतात, आणि नवी घेतली कीं हातांत असलेली जाते. म्हणून माझा नियम असा: एक हात भिंतीचा, दुसरा पेटीचा. प्रथम भिंतीवरची भरवंशाची बंदूक घ्यावी; तिच्या एका भरण्याचे गुण बाजूला ठेवावे; त्यावर जें उरेल तेंच पेटींत घालावें. आणि पेटींतील बंदूक उचलतांना हातांत आरंभींचें पिस्तूल आहे ना, हें पाहावें. नाहींतर गडबडींत भरवंशाची बंदूकच हातची जाते. किती खेपा करावयाच्या हें पेटीपाशीं जाण्याआधीं ठरवावें. पेटीपुढें उभें राहिल्यावर ठरविणें माणसाला साधत नाहीं.

पेटीला वेळहि लागतो, आणि प्रेतें वेळ देत नाहींत. यावर खेळाडूंनीं एक युक्ति काढली आहे. शेवटचें प्रेत मरेपर्यंत पुढची फेरी सुरू होत नाहीं. हातगोळ्यानें पाय तुटलेलें एखादें प्रेत मुद्दाम जिवंत ठेवतात. तें सरपटत येतें, तेवढ्या अवधींत चौघेजण गोळ्या भरतात, फळ्या ठोकतात, पेटी पाहतात. घाईंत केलेली खरेदी महाग पडते, हें आमच्या घरांतील बायकांना बाजारांत कळलेलें आहे. मुलांना तें येथें कळतें.

सोबत्याविषयींहि एक शब्द सांगतों. कोणी पडला तर त्याच्याजवळ जाऊन त्याला उठवितां येतें. वेळेवर कोणी गेलें नाहीं तर तो त्या फेरीपुरता बाद होतो आणि पुढच्या फेरींत फक्त पिस्तूल घेऊन परततो. त्यानें मिळविलेलीं सर्व शस्त्रें जातात. म्हणजे एका सोबत्याला उठविणें हें दोन बंदुका वांचविण्यासारखें आहे. उत्तम शस्त्र शोधण्यासाठीं जो सोबत्याला सोडून पेटीकडे धांवतो, त्याचा हिशेबच चुकलेला असतो.

पुढें २००९ सालीं याच खेळाचीं आणखी तीन घरें निघालीं. ‘फेररुक्ट’ या घरापासून पेटी एका जागीं राहीनाशी झाली. मध्येंच बंदुकीऐवजीं एक खेळण्यांतील अस्वल वर येतें आणि पेटी दुसरीकडे निघून जाते. तेव्हां आकाशांत चढणारा प्रकाशाचा झोत पाहून तिची जागा ओळखावी, खोल्या धुंडाळूं नयेत. त्या वर्षाच्या ऑगस्टांत आलेल्या ‘देअर रीझ’ या घरांत तर जवळ असलेल्या बंदुकीचेंच बळ वाढविणारें एक यंत्र आहे. वीज सुरू करून तीन ठिकाणचीं यंत्रें मुख्य यंत्राशीं जोडलीं कीं तें खुलें होतें आणि एका बंदुकीला ५,००० गुण घेतें. म्हणजे पेटीच्या पांच खेपांना जें लागतें त्याहून थोडेंसेंच अधिक. तेथें भिंतीवर १,००० गुणांना मिळणारी एक जर्मन बंदूक आहे. तीहि या यंत्रांतून काढली म्हणजे जबर होते. नवें शोधण्यापेक्षां आहे तें सुधारणें पुष्कळदां स्वस्त पडतें, हा चौथा नियम तेथें शिकावयास मिळतो.

आतां आपण वडील मंडळींनीं ऐकण्याजोगी गोष्ट. या खेळांतील पेटी खेळांतलेच गुण घेते; खेळ संपला कीं तोटाहि संपला. परंतु पुढच्या काळांत अनेक खेळांतून अशा पेट्या निघाल्या कीं ज्यांत खरा पैसा घालावा लागतो आणि आंत काय निघेल हें नशिबावर असतें. याच मालिकेंतील नंतरच्या कांहीं खेळांतहि तसल्या पेट्या खऱ्या पैशांनीं घेतां येत असत. २०१८ सालीं बेल्जियमच्या जुगार-नियंत्रण मंडळानें कांहीं प्रसिद्ध खेळांतील अशा पेट्या तेथील कायद्याप्रमाणें जुगारच ठरतात, असा निर्णय दिला. झांकण तेंच, झगमगाट तोच, ‘आतां नक्की येणार’ हा आंतला आवाजहि तोच. फक्त गुणांच्या जागीं रुपये. घरांतील मुलानें हा फरक ओळखावा असें वाटत असेल, तर ‘बंद कर तें’ एवढें म्हणून भागणार नाहीं. त्याच्याजवळ बसून दोन प्रश्न विचारावे: ‘ही पेटी गुण घेते कीं रुपये घेते?’ आणि ‘तुझ्या एका हातांत भरवंशाची बंदूक आहे ना?’ पहिल्या प्रश्नानें घरचा पैसा वांचेल. दुसऱ्या प्रश्नानें त्याला कळेल कीं आपल्या घरांतील माणसाला खेळ समजतो. आणि मग तो दार थोडें उघडें ठेवील.

शमीच्या झाडावर काय ठेविलें आहे तें ज्याला ठाऊक आहे, त्यानें शिलकींतून एखादे वेळीं फांसा टाकून पाहिला तर बिघडत नाहीं. ज्यानें झाडच पणाला लावलें, त्याला पहिल्याच गर्दींत रिकाम्या हातानें उभें राहावें लागतें.